वेताळबंदरचा धक्का

हैबतराव राजे मोहोळीकरांचं तिकीट कापलं, हे घरात सगळ्यात आधी तानाजीला कळलं आणि सगळ्यात शेवटी राजांना. कारण ते सांगायचं कोणी, यावरून तानाजी आणि सुहासिनीबाई स्वयंपाकघरात अर्धा तास हुज्जत घालत बसले होते. शेवटी सुहासिनीबाईंनीच चहाचा कप नवऱ्याच्या हातात दिला आणि म्हणाल्या, "यादी आलीय. आपलं नाव नाहीये."

राजांनी कप बशीत ठेवला. "कोणाचं आहे?"

"मालनचं."

ठाण्यात वर्तकनगरच्या त्या नवव्या मजल्यावरच्या फ्लॅटच्या खिडकीतून येऊरचे डोंगर दिसायचे. राजे बराच वेळ तिकडे बघत राहिले आणि चहा गार झाला.

मोहोळी म्हणजे मुरबाडच्या पलीकडे, डोंगरात, अठरा गावांचं संस्थान. नकाशावर बोट ठेवलं तर बोटाखाली झाकलं जाईल एवढंसं. ते विलीन झालं आणि त्यानंतर वर्षभराने हैबतराव जन्मले. "राज्य बुडाल्यावर जन्मलेला राजा," असं ते स्वतःच भाषणात सांगायचे, आणि लोक हसायचे. वडिलांनी ठाण्याला येऊन वकिली केली. तनखे बंद झाले तेव्हा हैबतराव कॉलेजात होते. नौपाड्यातला बंगला पुढे बिल्डरकडे गेला आणि राजघराणं लिफ्टने वरखाली करू लागलं. पण लोकांच्या तोंडात 'राजे' राहिलं ते राहिलंच. छत्तिसाव्या वर्षी ते डोंबिवली-ठाकुर्लीकडून पहिल्यांदा उभे राहिले, तेव्हा खरा राजा कसा असतो ते बघायलाच निम्मी गर्दी जमली होती. सहा वेळा आमदार, दीड वर्ष राज्यमंत्री आणि जिल्ह्याचे पालकमंत्री. पैसे खाल्ल्याचा आरोप एकदाही नाही. दोनदा पडले तेव्हा निकालाच्या संध्याकाळी जिंकलेल्याच्या घरी हार घेऊन गेले. घरच्या गड्यालासुद्धा 'तुम्ही' म्हणायचं हे त्यांना लहानपणापासून शिकवलेलं, आणि ते त्यांनी कधी मोडलं नाही.

मालनला राजकारणात आणलं होतं तेही त्यांनीच. चौदा वर्षांपूर्वी ठाकुर्लीजवळचा खाडीकाठचा वॉर्ड महिलांसाठी राखीव झाला. राजांनी तानाजीला सांगितलं, "कोळीवाड्यातल्या कोणी बाई बघा. बोलता येणाऱ्या." तानाजी गेला डोंबिवलीच्या मासळी बाजारात. तिथे महापालिकेची माणसं फेरीवाल्यांच्या पाट्या उचलत होती आणि एक बाई आपली पाटी घट्ट धरून त्यांना पावती मागत होती. पाटी उचलायची तर उचला, पण कागद द्या, असं तिचं म्हणणं होतं. तानाजीने परत येऊन सांगितलं, "साहेब, सापडली." ती मालन, वेताळबंदरची. दोनदा नगरसेविका झाली. राजांच्या घरी यायची तेव्हा खुर्चीच्या कडेवर बसायची आणि चहा संपला की कप स्वतः आत नेऊन विसळून ठेवायची. राजांना ते कधी खटकलं नाही. त्यांनी कधी 'राहू द्या'ही म्हटलं नाही.

दुसऱ्या दिवशी सकाळी फ्लॅटमध्ये पाय ठेवायला जागा नव्हती. पंचवीस-तीस वर्षं सोबत असलेले कार्यकर्ते, त्यातले निम्मे आता गुडघ्यांना पट्टे लावलेले. सगळ्यांचं एकच, "राजे, अपक्ष लढा." तानाजीने तर फॉर्म आणून, दहा सूचकांच्या सह्या घेऊन ठेवला होता. तानाजी मूळचा साताऱ्याकडचा, अडतीस वर्षांपूर्वी ड्रायव्हर म्हणून आला आणि ड्रायव्हर, चिटणीस, मुनीम, सल्लागार असं सगळंच होऊन बसला.

"साहेब, सर्व्हे केला म्हणे पक्षाने," तानाजी म्हणाला. "जे मुंबईत बसून सर्व्हे करतात, त्यांना ठाकुर्लीला उतरायचं कुठल्या बाजूला ते तरी माहितीये का? आणि मालन? तुमच्या जिवावर ती मोठी झाली. तिनं सांगायला पाहिजे होतं, साहेब असताना मी नाही."

"तिने मागितलं होतं का तिकीट?" सुहासिनीबाई आतून म्हणाल्या.

"मागितलं नसेल. पण नाही तर म्हणता येतं ना."

राजांनी फॉर्मवर सही केली. वळणदार, लांबलचक सही, आडनावाखाली एक रेघ. राग त्यांना आला होता, पण तो मालनचा नव्हता की पक्षाचाही नव्हता. पंचाहत्तराव्या वर्षी आपल्याला कोणी विचारलं नाही, नुसतं गाळलं, याचा होता. निदान एक फोन. निदान कोणी घरी येऊन, समोर बसून, 'राजे, आता थांबा' म्हणालं असतं तर ते थांबलेही असते, असं त्यांना वाटत होतं. कदाचित नसतेही थांबले.

शेवटच्या दिवशी तीन वाजेपर्यंत कल्याणला जाऊन अर्ज भरायचा होता. अकराला निघताना राजे म्हणाले, "आधी वेताळबंदरला घ्या."

"कशाला, साहेब?"

"ज्यांच्याविरुद्ध उभं राहायचं त्यांना आधी तोंडावर सांगायचं. आमच्या वडिलांनी ती रीत सोडली नव्हती."

वेताळबंदर म्हणजे ठाकुर्ली मागे टाकून खाडीकडे उतरलं की लागणारी दीडेकशे घरं. समोर खाडी, पलीकडे तिवरं, मागे नव्या इमारतींचे मनोरे. ओहोटी होती. गाडी देवळापाशी थांबली आणि राजे चालत मालनच्या घरापर्यंत गेले. ओट्यावर मालनची सासू गोदा बसली होती, ऐंशीच्या पुढची, पुढ्यात कापडावर जवळ्यासारखा बारीक कोलीम वाळत घातलेला, हातात कावळे हाकायला काठी.

"कोन, राजा काय? ये, बस," गोदा म्हणाली. "किती दिसांनी आलास."

गोदा सगळ्यांनाच 'तू' म्हणायची. कलेक्टर आला तरी 'तू', देवालाही 'तू'. उभ्या मतदारसंघात राजांना असं म्हणणारी ती एकटीच होती, आणि खरं सांगायचं तर राजांना ते आवडायचं. ते ओट्याच्या कडेला टेकले.

"मालनबाई कुठे आहेत?"

"होडी आलीय. माल आनाला गेलीय."

राजांनी खाडीकडे बघितलं. पाणी पार आत सरलं होतं. होडी चिखलाच्या टोकाला कलंडलेली, आणि तिथून किनाऱ्यापर्यंत पाच-सात बाया डोक्यावर पाट्या घेऊन येत होत्या. एकेक पाऊल चिखलातून उपसत, मांड्यांपर्यंत रुतत. त्यातली तिसरी मालन होती. पक्षाची अधिकृत उमेदवार. तानाजी गाडीशी उभा राहून ते बघत होता आणि त्याने नजर दुसरीकडे वळवली.

"अजून तुम्ही याच चिखलातून..." राजे बोलता बोलता थांबले.

"मग कुटून आनायचा?" गोदा म्हणाली. "माझी कंबर हितंच गेली. पाटीसकट आपटलो. बारा वर्सं झाली." तिने काठी आपटून कावळा उडवला. मग सहज, शेजारणीशी बोलावं तशी म्हणाली, "तुझे आज्याचा हॉल बघलाय मी, मोहोलीचा. तू टेम्पो धाडलेलास उद्घाटनाला, आमी सगल्या बाया गेल्ताव. काय फरशी हाय रे. गुलगुलीत. मी बाजूवालीला बोललो, आपला धक्का बांधतील तवा आसली फरशी नको, पाय सरकंल."

राजांनी मान खाली घातली.

"तवा मना कुटं म्हाईत, तोच आपला धक्का हाय म्हनून."

तिच्या आवाजात ना राग होता ना टोमणा, आणि म्हणूनच राजांना मान वर करवेना. बावीस वर्षांपूर्वीची गोष्ट. ते पालकमंत्री होते. वेताळबंदरला मासळी उतरवायचा धक्का जिल्ह्याच्या आराखड्यात मंजूर झाला होता, त्यांच्याच सहीने. त्याच वर्षी मोहोळीहून चुलतभाऊ आले. आजोबांची पन्नासावी पुण्यतिथी, गावात एक स्मारक नाही, आणि तुम्ही असून उपयोग काय. राजांनी फाइल मागवली. धक्का पुढच्या वर्षी घेऊ, असं म्हणाले. हॉल झाला. 'श्रीमंत खंडेराव राजे सांस्कृतिक सभागृह.' पुढच्या वर्षी मंत्रिपद गेलं. मग दर निवडणुकीत त्यांनी धक्क्याचं आश्वासन दिलं, आणि दर वेळी मनापासून दिलं, हेही खरं.

"कोणी सांगितलं तुम्हाला?" त्यांनी विचारलं.

"मालन नगरसेवक झाली तवा तिनी ठाण्याला जाऊन कागद बघले. घरी येऊन मना बोलली. मी बोललो, राजाला इचार. ती बोलली, काय इचारू, त्यानीच मना हात धरून आनलान."

मालन आली ती नळाखाली पाय धुऊन, पदर खोचलेलाच. राजांना ओट्यावर बघून ती गडबडली. आतून खुर्ची आणायला वळली तर राजे म्हणाले, "राहू द्या, बसलोय." मालन उभीच राहिली. नगरसेविका झाल्यापासून ती राजांशी जपून, शाळेतल्यासारखं बोलायची.

"राजेसाहेब, मी नव्हतं मागितलं. मला पक्षाचा फोन आला तेव्हा मी बाजारात होते. मला वाटलं कोणी थट्टा करतंय." तिने पदराने हात पुसले. "तुम्ही सांगा, मी आत्ता कल्याणला येते. नको म्हणून लिहून देते."

हेच ऐकायला आपण आलो होतो की काय, असं राजांच्या मनात येऊन गेलं. ते ऐकायला मिळालं, आणि त्यात काही सुख नव्हतं.

"मालनबाई, धक्क्याचे कागद तुम्ही नगरसेविका झालात तेव्हाच बघितलेत. मला एका शब्दाने बोलला नाहीत."

मालनने सासूकडे बघितलं. गोदा कोलमावर हात फिरवत होती.

"बोलून काय झालं असतं?" मालन म्हणाली. "तुम्हाला वाईट वाटलं असतं. धक्का तर झाला नसता."

राजे उठले. त्यांनी दोघींना नमस्कार केला आणि गाडीकडे गेले. सांगायला आले होते ते सांगितलंच नाही.

ठाकुर्लीच्या पुलावर गाड्या तुंबल्या होत्या. तानाजी आरशातून बघत होता. एक वाजून गेला होता. "साहेब, पत्रीपुलावर पण जाम असेल. आतून घेऊ का?"

"तानाजीराव, ठाण्याला चला."

"फॉर्म?"

"ठाण्याला."

तानाजीने पूल उतरून गाडी बाजूला घेतली, इंजिन बंद केलं आणि स्टिअरिंगवर हात ठेवून बसून राहिला. अडतीस वर्षांत त्याने असं कधी केलं नव्हतं. "माणसं कल्याणला थांबलीत, साहेब. हार घेऊन उभी आहेत. त्यांना मी काय सांगू?"

"सांगा, राजे मालनबाईंचा प्रचार करणार आहेत. आणि त्यांनीही करायचा आहे."

तानाजीने आरशातून एकदा त्यांच्याकडे बघितलं. मग त्याने गाडी सुरू केली.

प्रचार करणार, हे बोलणं सोपं होतं. राजांची प्रचाराची पद्धत तिथे सगळ्यांना माहीत होती. जीप गल्लीच्या तोंडाशी उभी राहायची, कार्यकर्ते वर जाऊन पत्रकं द्यायचे, लोक गॅलरीत यायचे आणि राजे खालून हात जोडायचे. दारावर जाऊन मत मागणं त्यांना जमलं नव्हतं. आता दुसऱ्यासाठी मागायचं तर खालून हात जोडून भागणार नव्हतं. डोंबिवली पूर्वेच्या तीन-तीन, चार-चार मजली जुन्या सोसायट्या, लिफ्ट नाही, राजांचा उजवा गुडघा कामातून गेलेला. रोज सकाळी आठला ते एका सोसायटीच्या जिन्याला लागायचे. एका हाताने कठडा, दुसरा तानाजीच्या खांद्यावर. कुठे दार उघडणारी बाई दचकायची, कुठे आजोबा पायातली चप्पल शोधायला धावायचे. कुठे आतूनच आवाज यायचा, 'कोण आहे, नको म्हणावं.' तेव्हा राजे उंबऱ्याबाहेर उभे राहून नाव सांगायचे. पहिल्या दिवशी त्यांना ते फार जड गेलं. चौथ्या दिवशी एका घरात त्यांनी पाणी मागून घेतलं आणि स्टुलावर बसून प्यायले.

लोक वाईट बोलत नव्हते. चांगलं बोलत होते, आणि तेच अवघड होतं. एका सोसायटीच्या हॉलमध्ये रविवारी पन्नासेक माणसं जमली. सेक्रेटरी केदार गोगटे, बँकेत मोठ्या हुद्द्यावर असलेले, उभे राहिले.

"राजेसाहेब, स्पष्ट बोलतो, राग मानू नका. आम्ही पक्षाला मत देत नव्हतो, तुम्हाला देत होतो. तुम्ही उभे राहिलात की आपला माणूस उभा आहे असं वाटायचं. विधानसभेत बोलणारा, वाचणारा माणूस. मालनताई चांगल्या आहेत, प्रामाणिक आहेत. पण तिथे जाऊन बोलणार काय त्या?"

मालन शेजारीच बसली होती. तिने मान खाली घातली नाही, गोगट्यांकडे बघत राहिली. राजे उठले. भाषण त्यांच्याजवळ तयार होतं, पण ते त्यांनी केलं नाही.

"गोगटे, त्या रात्री इकडच्या एका कारखान्यातून वायू सुटला होता, आठवतं? तुम्ही कुठे होतात?"

"इथेच. खिडक्या बंद करून."

"तुमच्या दारावर कोण आलं होतं?"

गोगट्यांनी मालनकडे बघितलं. "ह्या आल्या होत्या. ओली फडकी घेऊन. आमच्या आईला खाली उतरवायला मदत केली यांनी."

"मी त्या रात्री ठाण्यात होतो. मी निवेदन काढलं. चांगलं होतं निवेदन, सगळ्या पेपरांत आलं. विधानसभेत त्यावर मी वीस मिनिटं बोललो, लोकांनी बाकं वाजवली. तो कारखाना अजून तिथेच आहे." राजे हॉलकडे वळले. "मी तीस वर्षं छान बोललो. तुम्हीही ऐकलंत. आता बोलायला मी यांना शिकवीन. पण जे यांना येतं ते मला कोणी शिकवलं नाही, आणि आता ते शिकायचं वयही राहिलं नाही."

हॉलमध्ये टाळ्या वगैरे काही पडल्या नाहीत. एका बाईने मालनला विचारलं, पाण्याचा दाब सकाळी कमी का असतो. मालनने कुठल्या टाकीवरून लाइन येते आणि व्हॉल्व्ह कुठे अडतो, ते सांगितलं. मग प्रश्न सुरू झाले ते तासभर संपले नाहीत.

मालन निवडून आली, पण जेमतेम. दोन हजार एकशे चौदा मतांनी. शेवटच्या फेरीपर्यंत तानाजी मतमोजणी केंद्राबाहेर येरझारा घालत होता, आणि निकाल लागल्यावर तोच सगळ्यात आधी गुलालाने माखला.

दर बुधवारी राजे ठाकुर्लीला तिच्या ऑफिसात जाऊ लागले. एका गाळ्यातलं ऑफिस, टेबलाच्या पलीकडे मालन आणि अलीकडे, भेटायला येणाऱ्यांच्या प्लॅस्टिकच्या खुर्चीत, राजे. तारांकित प्रश्न म्हणजे काय, लक्षवेधी कधी द्यायची, मंत्री उत्तर टाळायला लागला की उपप्रश्न कसा टाकायचा, हे सगळं ते समजावून सांगायचे. मालन वहीत लिहून घ्यायची आणि मग असं काही विचारायची की राजांना पुस्तक उघडावं लागायचं. तीस वर्षांत आपण सभागृहात खरं काम किती केलं आणि नुसती शोभा किती आणली, हे त्यांना त्या प्लॅस्टिकच्या खुर्चीत बसून कळत होतं.

पावसाळी अधिवेशनाच्या आधी एका बुधवारी मालनने वही उघडलीच नाही.

"राजेसाहेब, धक्क्याचं मी खात्यात विचारून आले. ते म्हणतात, जुन्या आराखड्यात हे काम झालं म्हणून नोंद आहे. पैसे खर्च झालेले दिसतात. म्हणून नवीन मंजुरी मिळत नाही."

"झालं म्हणून नोंद?"

"हो. कोणी तरी तशीच लिहून टाकलीय. आता ते खोडायचं तर सभागृहात विचारावं लागेल, पैसे गेले कुठे. आणि विचारलं की उत्तर येईल." तिने वही बाजूला सारली. "मी दुसरा रस्ता शोधते. वेळ लागेल, पण तुमचं नाव येणार नाही."

"किती वेळ?"

"माहीत नाही. दोन वर्षं, तीन वर्षं."

राजांनी टेबलावरचा कागद ओढून घेतला. खिशातून पेन काढलं. त्यांचं अक्षर अजून मोत्यासारखं होतं. त्यांनी लिहिलं, सरकारी भाषेत, जशी ते शेकडो वेळा लिहीत आले होते: मौजे वेताळबंदर येथील मासळी उतरविण्याच्या धक्क्यास मंजुरी मिळूनही सदर काम झालेले नाही, हे खरे आहे काय, असल्यास, सदर कामाचा निधी अन्य कोणत्या कामाकडे व कोणाच्या शिफारशीने वळविण्यात आला, नसल्यास, विलंबाची कारणे काय आहेत?

कागद त्यांनी मालनकडे सरकवला.

मालनने तो वाचला. "'कोणाच्या शिफारशीने' एवढं काढू या का?"

"ते काढलंत तर मंत्री नुसतं 'तपासून पाहू' म्हणतील आणि बसतील. ते ठेवलं तर खात्याला फाइल उघडावीच लागेल." राजे म्हणाले. "राहू द्या."

"वहिनीसाहेबांना विचारलंत?"

"आज सांगतो."

सुहासिनीबाईंनी सगळं ऐकून घेतलं आणि एवढंच म्हणाल्या, "तेव्हाच मी म्हटलं होतं, मामंजींना हॉल आवडला नसता." राजांना ते अजिबात आठवत नव्हतं. पण त्या म्हणाल्या असणार, यात त्यांना शंका वाटली नाही.

उत्तर जुलैमध्ये आलं, आणि धक्का बांधायचा शब्द मंत्र्यांनी सभागृहात दिला. दुसऱ्या दिवशी पेपरांत होतं, 'कोळ्यांच्या धक्क्याचा निधी आजोबांच्या सभागृहाला.' शेजारी राजांचा फेट्यातला जुना फोटो. मोहोळीहून चुलतभावाने फोन करून घराण्याला काळं फासल्याचं सांगितलं आणि ठेवून दिला. पक्षातल्या लोकांचा रोख मालनवर होता. ज्याने वाढवलं त्यालाच चावली, असं एकजण कॅमेऱ्यासमोर म्हणाला. तेव्हा मात्र राजांनी घरी चार पत्रकार बोलावले आणि सांगितलं, "प्रश्न माझ्या अक्षरात आहे. विधानभवनात मूळ कागद असेल, बघून घ्या. निधी मीच वळवला होता. नियमाने वळवला, पण वळवायला नको होता." एकाने विचारलं, पश्चात्ताप होतो का. राजे म्हणाले, "बावीस वर्षं बायका चिखलातून गेल्या. माझ्या पश्चात्तापाचं राहू द्या." तानाजी त्या दिवशी जेवला नाही.

पुढच्या महिन्यात एका रविवारी वेताळबंदरच्या देवळात गावची बैठक होती. राजांना कोणी बोलावलं नव्हतं. ते गेले आणि मागे, खांबाशी बसले. मालनने त्यांना बघितलं, पण पुढे बोलावलं नाही. दर्शन नावाचा एक तिशीतला कोळी उभा राहिला. होडीचा मालक, बीकॉम झालेला. तो राजांकडे वळूनच बोलला.

"आमची मावशी या चिखलात पडली. पाटीखालीच गेली ती. लहान होतो मी, मला सांगितलं की भरती आली. भरती नव्हती आली, साहेब, ओहोटी होती. धक्का असता तर ती आज इथे बसली असती. तुमच्या आजोबांचं नाव राहिलं. आमच्या मावशीचं नाव कुठे लिहिलंय?"

तानाजी उठायला निघाला, राजांनी त्याच्या गुडघ्यावर हात ठेवला. मग ते स्वतः खांबाला धरून उभे राहिले.

"काय नाव होतं त्यांचं?"

"संचिता."

राजांनी ते नाव एकदा उच्चारलं. पुढे बोलायला त्यांच्याजवळ खूप काही होतं. मंजुरी, आराखडा, मंत्रिपद, चुलतभाऊ. "तुमचं बरोबर आहे," एवढं म्हणून ते उभेच राहिले. दर्शन अजून बोलला. नंतर दोन बाया बोलल्या, एक म्हातारा बोलला. कोणी आवाज चढवला, कोणी नाही. सगळं होईपर्यंत राजे उभे होते, उजव्या पायावरचा भार डावीकडे आणि डावीकडचा उजवीकडे घेत. कोणी बसा म्हटलं नाही आणि तेही बसले नाहीत. शेवटी गोदा पुढच्या रांगेतून म्हणाली, "आता बस रे. पाय दुकत आसंल," तेव्हा ते बसले.

मग मालनने बैठक पुढे चालू केली. जुनी नोंद रद्द झाली होती, नवी मंजुरी आली होती, सर्व्हेवाले दिवाळीनंतर येणार होते. धक्का देवळाच्या बाजूने काढायचा की जुन्या बंदराकडून, यावर गावात दोन तट होते आणि त्यावर दीड तास वाद झाला. राजांना त्यातलं निम्मं समजलं नाही. पाणी कुठून फिरतं, गाळ कुठे साचतो, भांगाच्या, म्हणजे कमी पाण्याच्या भरतीला होडी कुठपर्यंत येते, हे त्या लोकांना तळहातासारखं माहीत होतं. ते ऐकत राहिले.

बैठक सुटल्यावर मालन गाडीपर्यंत सोडायला आली. दर्शन देवळाच्या पायरीवर उभा होता. तो जवळ आला नाही, पण निघूनही गेला नाही.

"तुम्हाला यायची गरज नव्हती," मालन म्हणाली.

"होती."

"दर्शनचा राग लवकर जायचा नाही."

"का जावा?" राजे म्हणाले. तानाजीने दार उघडलं, पण ते आत बसले नाहीत. "मालनबाई, कंत्राटदार काम रेंगाळवेल. डिसेंबरात नागपूरला आश्वासन समितीकडे हे जाईल असं बघा. मंत्र्यांनी सभागृहात शब्द दिलाय, तो आता त्यांच्या गळ्यात आहे."

"आश्वासन समिती म्हणजे?"

राजांनी बॉनेटला टेकून, मंत्र्यांनी सभागृहात दिलेल्या शब्दाचा हिशेब ती समिती कसा मागते, ते तिला समजावून सांगायला सुरुवात केली. मालनने कमरेची पिशवी चाचपली. वही घरी राहिली होती. तिने पायरीकडे बघून हाक मारली, "दर्शन, कागद आहे का रे तुझ्याकडे?"

दर्शनने खिशातून मोबाइल काढला, दोघांपासून हातभर अंतरावर येऊन उभा राहिला आणि म्हणाला, "सांगा, मी टाइप करतो."

राजांनी पुन्हा पहिल्यापासून सांगायला सुरुवात केली.